वाचकांचे प्रश्न : युद्धनौकेवर हुकूम कोणाचा चालतो?

नौदल दिनाच्या निमित्ताने युद्धनौकांविषयी प्रश्न पाठवण्याचे आवाहन आम्ही केले होते. ठाणे आणि नवी मुंबईतून आलेल्या बहुतेक पत्रांचा रोख शस्त्रास्त्रांपेक्षा माणसांकडे, म्हणजे नौकेवर कोण कोणाला उत्तरदायी असते याकडे होता. म्हणून हे सदर या वेळी त्याच एका विषयाला दिले आहे.

प्रश्न : माझा मुलगा अग्निवीर म्हणून नौदलात भरती झाला. ओडिशातील चिल्का येथील प्रशिक्षणानंतर तो आता एका विनाशिकेवर रुजू झाला आहे. फोनवर तो कधी ‘किलिक’ म्हणतो, कधी ‘चीफ’, तर कधी ‘डीओ’. त्याचा खरा साहेब कोण, आणि घरी अडचण आली तर त्याने रजा कोणाकडे मागायची?
— एक आई, ऐरोली

उत्तर : आपल्या मुलाला साहेब एकच नाही आणि हे जाणूनबुजून केलेले असते. त्याच्या लगेच वर असतो तो लीडिंग हुद्द्याचा नौसैनिक, ज्याला नौदलाच्या बोलीत किलिक म्हणतात. त्याच्यावर पेटी ऑफिसर, त्यानंतर चीफ पेटी ऑफिसर आणि सर्वांत वर मास्टर चीफ पेटी ऑफिसरच्या दोन पायऱ्या असतात. ही झाली नौसैनिकांची शिडी. अधिकाऱ्यांची शिडी वेगळी असून ती सब लेफ्टनंटपासून सुरू होऊन लेफ्टनंट, लेफ्टनंट कमांडर, कमांडर, कॅप्टन, कमोडोर अशी चढत ॲडमिरलपर्यंत जाते. चाळिशीतला अनुभवी चीफ आणि पंचविशीतला लेफ्टनंट यांच्यात हुद्द्याने लेफ्टनंट वरचा असला, तरी इंजिनाच्या किंवा तोफेच्या बारीकसारीक गोष्टीत चीफचा शब्द सहसा डावलला जात नाही. शहाणा तरुण अधिकारी आधी चीफला विचारतो आणि मग आदेश देतो.

या शिडीला छेदणारी दुसरी रचना म्हणजे विभाग. युद्धनौकेवर एक्झिक्युटिव्ह, अभियांत्रिकी, विद्युत आणि लॉजिस्टिक्स असे मुख्य विभाग असतात. नौका चालवणे, दिशा ठरवणे, तोफा, क्षेपणास्त्रे, पाणबुडीविरोधी लढाई आणि संदेशवहन हे सारे एक्झिक्युटिव्ह विभागाकडे येते. इंजिने अभियांत्रिकीकडे, तर वीज, रडार आणि इतर इलेक्ट्रॉनिक यंत्रणांची देखभाल विद्युत विभागाकडे असते. शिधा, पगार आणि भांडार लॉजिस्टिक्स सांभाळते. प्रत्येक विभागाचा प्रमुख अधिकारी थेट कमांडिंग ऑफिसरला, म्हणजे सीओला, उत्तरदायी असतो. नौकेची शिस्त, स्वच्छता आणि रोजचा कार्यक्रम ही एक्झिक्युटिव्ह ऑफिसरची, म्हणजे एक्सओची जबाबदारी. हा सीओनंतरचा दुसरा माणूस होय, आणि कनिष्ठ नौसैनिकांना सीओपेक्षा त्याचाच धाक अधिक वाटतो असे म्हटले तर फारसे वावगे ठरणार नाही.

आपल्या दृष्टीने मात्र सर्वांत महत्त्वाचा माणूस म्हणजे डीओ, अर्थात डिव्हिजनल ऑफिसर. नौकेवरचा प्रत्येक नौसैनिक कोणत्या ना कोणत्या डिव्हिजनमध्ये असतो आणि त्या डिव्हिजनचा अधिकारी त्याच्या केवळ कामाची नव्हे, तर बढती, परीक्षा, रजा, आजार आणि घरच्या अडचणी यांचीही दखल घेतो. रजेचा किंवा अन्य विनंतीचा अर्ज किलिक आणि चीफ यांच्या हातून डीओकडे आणि तिथून गरजेप्रमाणे एक्सओ किंवा सीओपर्यंत जातो. विनंती घेऊन आलेल्या नौसैनिकाला सीओपुढे उभे करतात तेव्हा डीओ शेजारी असतो आणि त्याची बाजू मांडतो. तेव्हा घरी खरोखरच अडचण उद्भवली, तर मुलाने थेट वर धाव न घेता आधी आपल्या चीफला आणि डीओला सांगावे. तोच जवळचा रस्ता आहे.

प्रश्न : रात्री सीओ झोपल्यावर नौका कोण चालवतो? आणि तो चुकला तर दोष कोणाचा?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, खारघर

उत्तर : समुद्रावर असताना चोवीस तासांचे पहारे पाडलेले असतात, त्यांना वॉच म्हणतात. मध्यरात्री बारापासून चार-चार तासांचे पाच पहारे आणि दुपारी चार ते सहा व सहा ते आठ असे दोन-दोन तासांचे दोन पहारे, ज्यांना डॉग वॉच हे नाव आहे, असे दिवसाचे एकूण सात पहारे होतात. सम संख्या झाली असती तर एकाच तुकडीच्या वाट्याला रोज तीच मध्यरात्र आली असती. दुपारचा एक पहारा दोन भागांत मोडल्याने चक्र रोज पुढे सरकते.

प्रत्येक पहाऱ्यात ब्रिजवर, म्हणजे नौका जिथून चालवतात त्या कक्षात, एक ऑफिसर ऑफ द वॉच असतो आणि त्या चार तासांत नौकेची सुरक्षितता त्याच्या हाती असते. हे काम कोणत्याही अधिकाऱ्याला परस्पर मिळत नाही. समुद्रावर पुरेसा काळ शिकाऊ म्हणून उभे राहून परीक्षा दिल्यावर आणि सीओची खात्री पटल्यावरच वॉचकीपिंगचे प्रमाणपत्र मिळते, आणि तरुण अधिकाऱ्यांच्या आयुष्यात पहिल्या बढतीपेक्षाही त्याचे मोल अधिक असते. झोपायला जाण्यापूर्वी सीओ रात्रीच्या आदेशांच्या वहीत कोणता मार्ग घ्यायचा, किती वेग ठेवायचा आणि कोणत्या प्रसंगी आपल्याला उठवायचे हे लिहून ठेवतो, आणि पहाऱ्यावर येणारा प्रत्येक अधिकारी ते वाचून खाली सही करतो. दुसरे जहाज ठरवलेल्या अंतराच्या आत येत असेल, दृश्यमानता घटली असेल, इंजिनात बिघाड झाला असेल किंवा अपेक्षित वेळी अपेक्षित दिवा दिसला नसेल, तर सीओला उठवणे बंधनकारक असते. त्याची समुद्रावरची केबिन ब्रिजला लागूनच असते ती याचसाठी. निष्कारण उठवल्याबद्दल सीओ सहसा रागावत नाही. उशिरा उठवल्याबद्दल मात्र जन्मभर लक्षात ठेवतो.

यातली एक गोष्ट बाहेरच्या माणसाला चमत्कारिक वाटते. सीओ ब्रिजवर आला म्हणून नौकेचे सुकाणू आपोआप त्याच्या हाती जात नाही. ‘आता मी घेतो’ असे तो स्पष्टपणे म्हणत नाही आणि ते नोंदले जात नाही, तोवर आदेश पहाऱ्यावरचा अधिकारीच देत राहतो. तसे नसते तर ऐन आणीबाणीत दोघांनी दोन दिशा सांगितल्या असत्या, किंवा दुसरा सांगेल या भरवशावर दोघेही गप्प राहिले असते.

आता दोषाविषयी. काम वाटून देता येते, उत्तरदायित्व वाटता येत नाही. पहाऱ्यावरच्या अधिकाऱ्याने नौका उथळ पाण्यात घातली तर त्याची चौकशी होतेच, पण झोपलेल्या सीओचीही होते, कारण त्या अधिकाऱ्याला एकट्याने उभे राहण्यास लायक ठरवले होते ते सीओनेच. हीच रीत वरपर्यंत पोहोचते. २०१३ च्या ऑगस्टमध्ये मुंबईच्या गोदीत सिंधुरक्षक पाणबुडीवर स्फोट होऊन १८ जणांचा मृत्यू झाला आणि २०१४ च्या फेब्रुवारीत सिंधुरत्न पाणबुडीवरील धुरामुळे दोन अधिकारी दगावले, तेव्हा नौदलप्रमुख ॲडमिरल डी. के. जोशी यांनी नैतिक जबाबदारी स्वीकारून राजीनामा दिला. ते त्या पाणबुड्यांवर नव्हते, हा मुद्दा त्यांनी पुढे केला नाही.

प्रश्न : सैन्यातला कॅप्टन तरुण असतो, मग नौदलातला कॅप्टन एवढा मोठा कसा? आणि ॲडमिरल नौकेवर आले तर कॅप्टनची सत्ता संपते का?
— निवृत्त शिक्षक, नौपाडा, ठाणे

उत्तर : नौदलातला कॅप्टन हुद्द्याने सैन्यातील कर्नलच्या बरोबरीचा, तर सैन्यातला कॅप्टन नौदलातील लेफ्टनंटच्या बरोबरीचा असतो. मोठ्या विनाशिका व फ्रिगेट यांची कमान कॅप्टन हुद्द्याच्या अधिकाऱ्याकडे, त्यांहून लहान कॉर्व्हेटची बहुधा कमांडरकडे आणि लहान गस्ती नौकांची लेफ्टनंट कमांडरकडेही असते. २ सप्टेंबर २०२२ रोजी नौदलात दाखल झालेल्या विक्रांत या विमानवाहू नौकेचे पहिले सीओ कमोडोर विद्याधर हारके होते. हुद्दा कोणताही असो, ज्याच्याकडे कमान तो त्या नौकेचा कॅप्टन.

ॲडमिरलविषयी आपण विचारलेला प्रश्न अधिक मार्मिक आहे. पश्चिम ताफ्याचे प्रमुख रिअर ॲडमिरल आपल्या ध्वजनौकेवर, म्हणजे ताफ्याचे नेतृत्व जिथून होते त्या नौकेवर, असतात तेव्हा संपूर्ण ताफा कुठे जाणार, कसा पसरणार आणि कोणावर चालून जाणार हे ते ठरवतात. पण ज्या नौकेवर ते उभे असतात ती चालवतो तिचा कॅप्टनच. ॲडमिरल सुकाणूवरच्या नौसैनिकाला परस्पर आदेश देत नाहीत, कॅप्टनला आपला हेतू सांगतात. आपल्या चेंदणी कोळीवाड्यात किंवा बेलापूरजवळच्या दिवाळे गावात चौकशी केलीत तर हेच ऐकायला मिळेल, की होडीचा मालक स्वतः होडीत बसला असला तरी जाळे कुठे टाकायचे आणि केव्हा फिरायचे हे तांडेल सांगतो.

प्रश्न : माझे यजमान व्यापारी जहाजावर चीफ ऑफिसर आहेत. युद्धनौकेवरील एक्सओ आणि ते एकच समजावेत का?
— एक वाचक, सीवूड्स

उत्तर : स्थान जवळपास तेच, काम बरेच वेगळे. न्हावा-शेव्याला लागणाऱ्या अजस्र कंटेनर जहाजावरही पंचवीसच्या आसपासच माणसे असतात. त्यामुळे मास्टरनंतरचा, म्हणजे जहाजाच्या कप्तानानंतरचा, चीफ ऑफिसर स्वतः पहारा करतो आणि मालाची चढउतार व जहाजाचा तोल पाहतो. विनाशिकेवर सुमारे तीनशे माणसे असतात, कारण तिला मार खाऊनही लढत राहायचे असते: एकाच वेळी तोफ चालवणारे, आग विझवणारे, भोके बुजवणारे आणि जखमींना उचलणारे हात लागतात. एक्सओचा दिवस म्हणूनच मालापेक्षा माणसांत जातो. एका बाबतीत मात्र दोन्हीकडे नियम सारखा आहे. प्रमुख दगावला किंवा अक्षम झाला तर कमान चीफ इंजिनिअरकडे किंवा अभियंता अधिकाऱ्याकडे जात नाही, मग तो वयाने आणि सेवेने कितीही ज्येष्ठ असो. ती नौका चालवणाऱ्या शाखेतील पुढच्या अधिकाऱ्याकडेच जाते.

प्रश्न : वरिष्ठाचा आदेश चुकीचा असेल तर नौसैनिकाने काय करायचे? बुडत्या नौकेबरोबर कॅप्टनने बुडावे असा नियम आहे का?
— एक वाचक, कळवा

उत्तर : १९५७ च्या नौदल कायद्यानुसार आज्ञाभंग हा गंभीर गुन्हा आहे, पण पाळायचा असतो तो कायदेशीर आदेश. आदेश बेकायदा नसून केवळ अविचारी वाटत असेल, तर आपले म्हणणे तिथल्या तिथे थोडक्यात मांडावे आणि ते मान्य झाले नाही तर आदेश पाळावा, ही रीत आहे. पहाऱ्यावरच्या कनिष्ठाने ‘सर, डावीकडे जहाज आहे’ असे सांगणे हा उद्धटपणा मानला जात नाही, ते त्याचे कर्तव्यच असते. वरिष्ठाकडून अन्याय किंवा छळ झाला असे वाटल्यास तक्रारीचा मार्ग याच कायद्याच्या कलम २३ ने दिलेला आहे. दुसऱ्या बाजूला, नौसैनिकांच्या बऱ्याचशा गुन्ह्यांची सुनावणी करून शिक्षा देण्याचा अधिकार सीओलाही आहे, आणि ज्याच्या हाती शिक्षा आहे त्याच्याविरुद्ध तक्रार करणे किती अवघड जात असेल याची कल्पना करता येते.

तक्रारीचा मार्ग केवळ कागदावर राहिला तर काय होते ते मुंबईने पाहिले आहे. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी कुलाब्यातील तलवार या संदेशवहन प्रशिक्षण केंद्रात नौसैनिकांनी निकृष्ट अन्न नाकारून संप पुकारला. तिथल्या इंग्रज सीओच्या शिवीगाळीविरुद्ध त्यांनी आधी तक्रारी केल्या होत्या, परंतु दाद लागली नव्हती. काही दिवसांतच संप ७८ जहाजांवर आणि सुमारे २०,००० नौसैनिकांपर्यंत पसरला. संप समितीच्या अध्यक्षपदी निवडले गेलेले एम. एस. खान हे लीडिंग हुद्द्याचे सिग्नलमन होते. अधिकाऱ्यांची शिडी निकामी झाली तेव्हा माणसे त्याच हुद्द्याच्या मागे उभी राहिली, ज्याचा उल्लेख ऐरोलीच्या वाचक भगिनींच्या पत्रात ‘किलिक’ म्हणून आला आहे.

बुडण्याचा नियम कुठेही नाही. नौका सोडण्याचा आदेश कॅप्टनने द्यावा आणि स्वतः शेवटी उतरावे, एवढी परंपरा आहे. ९ डिसेंबर १९७१ च्या रात्री दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडी हँगोरने खुकरी ही भारतीय युद्धनौका बुडवली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिकांनी प्राण गमावले. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांनी नौका सोडण्याचा आदेश दिला, जमेल तितक्यांना बाहेर काढले आणि स्वतः नौकेवरच राहिले. त्यांना मरणोत्तर महावीर चक्र देण्यात आले. तो त्यांचा स्वतःचा निर्णय होता, आणि जिवंत परतले असते तरी कोणी त्यांना दोष दिला नसता, असे मला वाटते.

प्रश्न : मुलींना युद्धनौकेची कमान मिळू शकते का?
— बारावीची विद्यार्थिनी, वाशी

उत्तर : मिळू शकते आणि मिळालीही आहे. २०२३ च्या डिसेंबरमध्ये लेफ्टनंट कमांडर प्रेरणा देवस्थळी यांची त्रिंकट या गस्ती नौकेच्या सीओपदी नियुक्ती जाहीर झाली. भारतीय युद्धनौकेची कमान मिळालेल्या त्या पहिल्या महिला अधिकारी होत. राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत मुलींना २०२२ पासून प्रवेश मिळतो, त्यामुळे बारावीनंतरचा तो रस्ता आपल्यालाही खुला आहे. मात्र शाखेची निवड करताना वर सांगितलेला नियम ध्यानात ठेवावा : कमान हवी असेल तर एक्झिक्युटिव्ह शाखाच मागावी लागते. तिच्यासाठी दृष्टीचे निकष कडक असतात, तेव्हा अर्ज भरण्यापूर्वी डोळे, विशेषतः रंगांची ओळख, तपासून घ्यावी.