पत्र तुमचं, आयुष्य तिचं

नमस्कार,

तुमची मुलगी एम.ए. इंग्रजीच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि तिला आधुनिकतावादी कवितेतली वाक्यरचना आणि अर्थ यांवर पीएच.डी. करायची आहे. ‘व्याकरण शाळेतच संपलं, आता कवितेत काय शोधणार?’ असं तुम्ही विचारता. तिने बी.एड. करावं, नाहीतर दिवाळीनंतर स्थळं बघायची, असंही ठरवून मोकळे झाला आहात.

तिच्या ७४ टक्क्यांची मला काळजी नाही. दोन पानी पत्रात ‘आम्ही ठरवलं’ पाच वेळा आलंय आणि तिचं एकही वाक्य नाही, याची आहे. ती जेवताना बोलत नाही, हे तुम्ही तक्रार म्हणून लिहिलंत. बोलून उपयोग नाही हे कळलं की मुलं गप्प होतात. स्थळांची धमकी आधी मागे घ्या. लग्न म्हणजे हट्टाची शिक्षा नव्हे.

आता व्याकरणाचं. मर्ढेकरांची ओळ घ्या, १९४७ च्या ‘काही कविता’मधली : ‘पिपात मेले ओल्या उंदिर’. उंदीर ओले असते तर ‘ओले उंदिर’ झालं असतं. ‘ओल्या’ हे रूप जुळतं ते पिपाशी, पण ते क्रियापद ओलांडून उंदरांना येऊन चिकटलंय. वाचताना पिपातली ओल उंदरांच्या अंगाला लागते. एका शब्दाची जागा हलली आणि अर्थ हलला. तुमची मुलगी हेच शोधणार आहे, इंग्रजी कवितेत. डॉनल्ड डेव्ही या इंग्रज कवी-समीक्षकाने इंग्रजी कवितेच्या वाक्यरचनेवर १९५५ मध्ये अख्खं पुस्तक लिहिलं. तेव्हा हा विषय तिच्या डोक्यातलं खूळ नाही.

पैशाची तुमची भीती मात्र खरी आहे. प्राध्यापकाची कायम जागा मिळायला वर्षं जातात आणि तासिका तत्त्वावर घर चालत नाही. म्हणून नेट ही प्राध्यापकपदाची पात्रता परीक्षा आणि तिच्यातूनच मिळणारी जेआरएफ ही संशोधनाची फेलोशिप, यांची तयारी तिने आत्ताच सुरू करावी. फेलोशिप नसताना पीएच.डी.ला घाई करू नये, हे मी तिलाही सांगेन.

पण ते तुमच्यामार्फत नाही. पुढचं पत्र तिला लिहू द्या. तिला आवडणाऱ्या एका कवितेतल्या एका वाक्याबद्दल दोन पानं लिहून पाठवायला सांगा. तिने आपणहून दाखवली तरच ती वाचा.