वाचकांचे प्रश्न : पाठांतर पक्कं, खंडन कच्चं

प्रश्न : आमची नववीतली मुलगी वक्तृत्वात दरवर्षी बक्षीस आणते. वादविवादात मात्र समोरच्याने मुद्दा खोडला की गडबडते आणि पाठ केलेलंच पुन्हा म्हणते. तयारीत काय बदलू?
— एक शिक्षिका, होटगी रोड, सोलापूर

उत्तर : कच्चं आहे ते तिचं ऐकणं. वक्तृत्वात उलट उत्तर द्यायला कुणी नसतं, त्यामुळे ती सवयच लागत नाही.

आधी भाषण कापा. सात मिनिटं मिळणार असतील तर पाचच मिनिटांचं बांधा, दोन खंडनाला मोकळी ठेवा. पाठ करायची ती सुरुवातीची दोन वाक्यं आणि शेवट. मधल्या मुद्द्यांचं फक्त टाचण. शब्दन् शब्द पाठ असला की एक वाक्य निसटताच पुढचं सगळं कोसळतं, म्हणून मुलं मध्ये नवं काही घालायला धजावत नाहीत.

मग फुलस्केप कागद उभा दुमडून द्या. डावीकडे समोरच्याचा मुद्दा तीन-चार शब्दांत, आकडा असेल तर तोही. उजवीकडे दुसऱ्या शाईने उत्तर. पूर्ण वाक्यं लिहू देऊ नका. ती लिहीपर्यंत पुढचा मुद्दा निघून जातो.

समजा विषय आहे ‘सोलापूर जिल्ह्यात उसाच्या लागवडीवर मर्यादा हवी’. विरोधी वक्ता म्हणतो, ‘उजनी धरणात ११७ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी मावतं, मग मर्यादा कशाला?’ अशा वेळी मुली दुष्काळाचं करुण वर्णन सुरू करतात, आणि आकडा तसाच उभा राहतो. उत्तर असं हवं : ‘११७ टीएमसी ही एकूण क्षमता, हे मान्य. पण त्यातला सुमारे ६३ टीएमसी मृतसाठा, म्हणजे एरवी वापरात न धरलं जाणारं तळाचं पाणी आहे. उपयुक्त साठा ५४ टीएमसीच्या आतबाहेर. त्यातूनच पिण्याचं पाणीही द्यायचं आहे. तेव्हा हा आकडा मर्यादेची गरजच दाखवतो.’ आधी त्याचा मुद्दा प्रामाणिकपणे सांगितला, मग चूक दाखवली, कारण दिलं आणि शेवटी विषयाशी जोडलं. ही शेवटची पायरी मुलं हमखास विसरतात.

दुसरी चूक म्हणजे सोपा मुद्दा निवडून खोडणं. ‘मर्यादा नको, ठिबक सक्तीचं करा’ हा विरोधकांचा खरा भक्कम मुद्दा. तो टाळला तर चांगल्या परीक्षकाच्या वहीत तो अनुत्तरित म्हणूनच राहतो. यासाठी सरावात तिला आठवड्यातून एकदा उलट बाजूने बोलायला लावा. रोजचा सराव छोटा असू द्या : जोडीदाराने एक मिनिट बोलायचं, तिने त्याचा मुद्दा स्वतःच्या शब्दांत सांगायचा. जोडीदार ‘हो, हेच म्हणालो’ म्हणेपर्यंत खंडनाला परवानगी नाही.

प्रश्न : वादविवादाच्या ब्रिटिश संसदीय पद्धतीत तयारीला १५ मिनिटंच मिळतात. ती कशी वापरावीत?
— महाविद्यालयीन विद्यार्थी, सोलापूर

उत्तर : पहिली तीन मिनिटं संघातल्या दोघांनी न बोलता आपापलं लिहा; नाहीतर जो आधी बोलतो त्याचेच मुद्दे दोघांचे होतात. पुढच्या सात-आठ मिनिटांत विषयाची व्याख्या पक्की करा, मुद्दे वाटून घ्या. उरलेला वेळ पहिल्या वक्त्याच्या मांडणीला. सात मिनिटांच्या भाषणात पहिलं आणि शेवटचं मिनिट सोडून विरोधक मध्ये प्रश्न विचारू शकतात. एक-दोन जरूर घ्या, पण स्वतःचं वाक्य पूर्ण करूनच.