सटवाईचं घड्याळ

ठाणे

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

तुझी कथा वाचली. हातून निसटलेली वर्षं मासुंदा तलावात दिव्यांसारखी तरंगतात, ते पान सुरेख उतरलंय. त्याला हात लावू नकोस. पण पुढे नियती बोलायला लागते आणि बोलतच राहते. तिला आधी गप्प कर. आपल्याकडची सटवाई भाषण देत नाही. सहाव्या रात्री येते, बाळाच्या कपाळावर लिहिते आणि निघून जाते. घरच्यांनी कोरा कागद नि लेखणी ठेवायची, एवढंच. त्यात खोडाखोड नाही, अपीलही नाही.

तरी एक फट आहे. 1 जानेवारी 1906 ला भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईची स्वतःची वेळ तिच्यापेक्षा 39 मिनिटं मागे, आणि मुंबईने ती पुढे कित्येक वर्षं सोडली नाही. सटवाई कुठलं घड्याळ पाळत असेल? मला विचारशील तर जुनंच. देवीला सरकारी परिपत्रक कोण वाचून दाखवणार! म्हणजे नौपाड्यातल्या त्या घरात बाराचे ठोके पडून गेले तरी तिला यायला 39 मिनिटं आहेत. कॅलेंडरवर तारीख उलटली, कपाळ मात्र कोरंच. नाकारलेली नोकरी, न टाकलेलं पत्र, आईला विचारायचा राहिलेला प्रश्न, हे सगळं तुझ्या नायिकेने त्या वेळात शोधावं.

फक्त नियम ठरव आणि मग तो मोडू नकोस. मी असतो तर एवढाच ठेवला असता: त्या 39 मिनिटांत जे उचलशील, ते दुसऱ्या कुणाच्या तरी कपाळावरून पुसलं जाईल. मग ती पत्र टाकेल का? मलाही ठाऊक नाही, म्हणून तर वाचावंसं वाटेल. तुझ्या खर्ड्यात तिला सगळं फुकट परत मिळतं, तिथे माझं लक्ष उडालं.

लोकल चुकण्याचा प्रसंग काढून टाक. 16 एप्रिल 1853 ला बोरीबंदरहून पहिली गाडी ठाण्याला आली, तेव्हापासून इथे गाड्या चुकताहेत. चार मिनिटांत दुसरी येते, त्यात कसलं आलंय नशीब?

पुढचा खर्डा रविवारी सकाळी घेऊन ये. संध्याकाळी नको, गडकरीला नाटकाचं तिकीट काढलंय.

तुझा,
सर