इराणमधील मेमंद हे गाव कोठे आहे आणि तेथे किती लोक राहतात?

मेमंद हे फारसी बोलणारे खेडे इराणच्या आग्नेय भागातील केरमान प्रांतात, शहर-ए-बाबक या तालुकावजा जिल्ह्यात, त्याच नावाच्या शहरापासून सुमारे 35 किलोमीटरवर एका कोरड्या दरीच्या टोकाशी, समुद्रसपाटीपासून 2,200 मीटरच्या आसपास उंचीवर वसलेले आहे.

लोकसंख्येचा आकडा मात्र जपून वापरावा. 2006 च्या जनगणनेत येथे 181 कुटुंबांत 673 लोक नोंदले गेले. परंतु गावकरी शेती व पशुपालन करणारे, अर्धे भटके असल्यामुळे ते वसंतापासून शरदापर्यंत जनावरांसह डोंगरातील कुरणांवर आणि तात्पुरत्या वस्त्यांवर राहतात व थंडीतच गावात परततात, त्यामुळे वर्षभर तेथे मुक्काम ठेवणारे लोक या आकड्यापेक्षा बरेच कमी असतात. भर उन्हाळ्यात गेलेल्या प्रवाशाला गाव ओस पडले आहे असे वाटले, तर त्यात नवल नाही.

हिवाळ्यातील घरे मऊ खडकात कोरलेली आहेत. आत पेटणाऱ्या चुलीच्या धुराने त्यांची छते काळीकुट्ट झालेली दिसतात. ही जीवनपद्धती अजून टिकून आहे, हेच गावाचे खरे वैशिष्ट्य असे मला वाटते; 2015 मध्ये युनेस्कोने जागतिक वारसा यादीत नोंद केली तीही केवळ गुहांची नव्हे, तर संपूर्ण ‘सांस्कृतिक भूदृश्या’ची. नकाशावर शोधताना ‘शहर-ए-बाबक’ हे नाव जोडावे, कारण मेमंद नावाची इतर ठिकाणेही इराणात आहेत.