घरी वऱ्हाडी बोलणाऱ्या मुलीला प्रदीप भिडे यांच्यासारखी वृत्तनिवेदक होता येईल का?

होय, नक्कीच होता येईल, कारण वृत्तनिवेदकाची वाणी मुख्यतः सरावाने घडते. १९७४पासून मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचणारे प्रदीप भिडे २०२२मध्ये निवर्तले, तरी आमच्या वाशीमकडच्या खेड्यांतील जुनी माणसे त्यांचे स्वच्छ उच्चार आणि नेमक्या जागी घेतलेले विराम अजून आठवतात. वऱ्हाडीत ‘डोळा’चा ‘डोया’ आणि ‘केळी’ची ‘केयी’ होते, म्हणून ‘ळ’ आणि ‘ण’ वारंवार येणारे उतारे तिने रोज मोठ्याने वाचावेत व मोबाइलवर ध्वनिमुद्रित करून ऐकावेत. शाळेत मराठी शिकवताना या सरावाचा गुण मी स्वतः पाहिला आहे. घरची गोड वऱ्हाडी मात्र तिने मुळीच सोडू नये. एवढे लक्षात घ्यावे की आजच्या वाहिन्यांवर केवळ वाचन पुरत नाही, बातमी लिहिता आणि पडताळताही यावी लागते.