कॅमेरा बॅगेतच राहू दे

एखाद्या वस्तीवर माहितीपट चित्रित करायला गेलास, की पहिले दोन-तीन दिवस कॅमेरा बाहेर काढूच नकोस. माणसांत बस, पाणी भरू लाग, पोरांची नावं पाठ कर. परवानगी फक्त वस्तीच्या प्रमुखाची घेऊन भागत नाही. जिच्या चुलीसमोर उभा राहणार आहेस, तिलाही विचार. ती नको म्हणाली की विषय संपला.

थंड मुलखात लिथियमच्या बॅटऱ्या भराभर उतरतात, म्हणून त्या आतल्या खिशात, अंगालगत ठेव. बाहेरून उबदार खोलीत शिरण्याआधी कॅमेरा प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांध, म्हणजे दव लेन्सवर न धरता पिशवीवर धरतं. एकदा मी हे विसरलो. म्हातारीनं गाणं सुरू केलं आणि माझ्या काचेवर नुसतं धुकं! ते गाणं तिनं पुन्हा म्हटलं नाही. आजही रुखरुख लागते.

विमानात सुट्या बॅटऱ्या हातातल्या सामानातच न्यायच्या, १०० वॉट-अवरपर्यंतच्या (वॉट-अवर म्हणजे बॅटरीत मावणाऱ्या ऊर्जेचं माप).

आणि हो, शॉट लवकर कापू नकोस. बोलणं थांबल्यावरही दहा सेकंद धरून ठेव. हात काय चाळा करतात, नजर कुठे वळते, ते तिथंच सापडतं. रोज रात्री कार्डं दोन ड्राइव्हवर उतरव आणि त्या दोन्ही एकाच बॅगेत ठेवू नकोस.