वाचक विचारतात: सगळ्या ग्रहाची ऊर्जा सावरणारं जाळं खरंच चालेल का?

प्रश्न: ताई, मी दिवाळी अंकासाठी विज्ञान-फँटसी कथा लिहितोय. एका ग्रहावर सात मनोरे आहेत, ते गाभ्यातली ऊर्जा ओढून घेतात आणि सगळ्या ग्रहावर ती स्थिर ठेवतात. शेवटी खलनायक एक मनोरा फोडतो आणि ग्रहाचा स्फोट होतो. मित्र म्हणतो एका मनोऱ्याने काय होतंय, हे पटत नाही. कोण बरोबर?
– एक वाचक, सांगली

उत्तर: कल्पना खूप आवडली मला. मित्राचं अर्धंच बरोबर आहे, एका मनोऱ्याने खूप काही होतं, फक्त स्फोट नाही होत, अंधार होतो, आणि तो अंधार कसा पसरतो ते तुम्ही नीट लिहिलंत ना तर स्फोटापेक्षा कितीतरी भारी शेवट मिळेल.

असं जाळं आपल्याकडे आहेच की. 31 डिसेंबर 2013 ला रायचूर-सोलापूर ही 765 केव्हीची (किलोव्होल्टची) लाइन जोडली गेली आणि दक्षिणेचं ग्रिड, म्हणजे विजेच्या तारांचं जाळं, बाकीच्या देशाशी एक झालं, तेव्हापासून सगळ्या देशाची फ्रिक्वेन्सी एकच, 50 हर्ट्झ, म्हणजे वीज सेकंदाला 50 झोके घेते. म्हणजे कोयनेतलं जनित्र, चंद्रपूरचं औष्णिक केंद्र आणि तमिळनाडूतलं एखादं मशीन हे सगळे एकाच ठेक्यात फिरतात. आता गंमत अशी की तारांमध्ये वीज साठून राहत नाही, जेवढी लागतेय तेवढीच त्या क्षणाला बनवावी लागते, मागणी वाढली की मशीन जरा मंदावतात आणि फ्रिक्वेन्सी खाली येते, मागणी कमी झाली की वर जाते, आणि ती 49.90 ते 50.05 च्या मध्ये राहावी म्हणून कळव्यासारख्या लोड डिस्पॅच सेंटरमध्ये, म्हणजे विजेची मागणी आणि पुरवठा जुळवणाऱ्या नियंत्रण केंद्रात, माणसं दिवसरात्र बसलेली असतात. तुमच्या मनोऱ्यांचं खरं काम हेच ठेवा. ऊर्जा नुसती ओढणं सोपंय, तोल सांभाळणं अवघड.

आता मोडतं कसं ते बघा. 30 जुलै 2012, रात्रीचे अडीच. बिना-ग्वाल्हेर मार्गावरची एक लाइन आधीच कामासाठी बंद होती, त्यामुळे शेजारच्या लाइनवर लोड इतका वाढला की तिच्या संरक्षक रिलेला (बिघाड दिसला की लाइन तोडणाऱ्या उपकरणाला) वाटलं बिघाडच झालाय आणि त्याने ती बंद केली. खरं तर बिघाड नव्हताच! मग तिचा भार दुसऱ्या लाइनींवर गेला, त्याही एकेक करून ट्रिप झाल्या, म्हणजे आपोआप बंद पडल्या, आणि सगळं उत्तर ग्रिड बसलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच, आणि यावेळी उत्तर, पूर्व आणि ईशान्य अशी तिन्ही ग्रिड गेली, 60 कोटींवर लोकांची वीज गेली. कोणी काही फोडलं नव्हतं. प्रत्येक लाइन स्वतःला वाचवायला बाजूला झाली आणि म्हणूनच सगळं कोसळलं. मला विचाराल तर तुमच्या कथेचा जीव इथे आहे, खलनायकाला बॉम्ब कशाला हवाय, एक मनोरा दुरुस्तीला बंद आहे एवढं त्याला माहीत असलं तरी पुरे.

उलट्या बाजूची गोष्ट पण घ्या. 5 एप्रिल 2020 ला रात्री 9 वाजता देशभर 9 मिनिटं दिवे बंद करायचं आवाहन होतं, तेव्हा मागणी काही मिनिटांत सुमारे 31 हजार मेगावॅटनी खाली आली. ग्रिड टिकलं, कारण जलविद्युत पटकन कमी करता येते आणि पटकन वाढवताही येते, कोळशाच्या केंद्राला ते जमत नाही. म्हणून सात मनोरे सारखे नका ठेवू, दोन तरी चपळ ठेवा.

आणि हो, बेट ठेवा एखादं. ग्रिड कोसळायला लागलं की मुंबईने आपोआप तुटून स्वतःपुरती वीज चालू ठेवायची अशी व्यवस्था कित्येक वर्षांपासून आहे, तरी 12 ऑक्टोबर 2020 ला ती वेळेवर टिकली नाही आणि लोकल जागच्या जागी थांबल्या. पूर्ण अंधारातून परत उठायचं तर पहिलं मशीन बाहेरच्या विजेशिवाय चालू व्हावं लागतं, ते बहुतेक वेळा पाण्यावरचं असतं, छोट्या डिझेल जनित्राच्या मदतीने. मग ते दुसऱ्याला वीज देतं, दुसरं तिसऱ्याला, आणि प्रत्येक जोडणीला ठेका जुळला नाही तर पुन्हा सगळं खाली. शेवटचं प्रकरण यावरच लिहा ना.

प्रश्न: ताई, पृथ्वीच्या गाभ्यातली उष्णता वापरली तर सगळ्या जगाची वीज भागेल का?
– बारावीची विद्यार्थिनी, अकोला

उत्तर: आकडा ऐकून वाटेल भागेल, कारण पृथ्वीच्या आतून बाहेर येणारी उष्णता साधारण 47 टेरावॅट (एक टेरावॅट म्हणजे दहा लाख मेगावॅट) आहे आणि माणसं सगळी मिळून त्याच्या निम्म्याहून कमी ऊर्जा वापरतात. पण ती इतकी पसरलेली आहे की एका चौरस मीटरला एक दशांश वॅटही येत नाही, 9 वॅटच्या बल्बएवढी उष्णता गोळा करायलाच सुमारे 100 चौरस मीटर जमीन लागेल, आणि त्या उष्णतेची वीज करताना बराच भाग वाया जातो तो वेगळाच. आइसलंडसारखी जागा असेल तर मात्र मस्त जमतं, तिथे उष्णता वरच आलेली आहे. आपल्याकडे लडाखमधलं पुगा त्यासाठी चांगलं मानतात.

प्रश्न: टेस्लाने सगळ्या जगाला बिनतारी वीज देणारा मनोरा बांधला होता का?
– एक वाचक, पणजी

उत्तर: हो, संशोधक निकोला टेस्लाने बांधायला घेतला होता. न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर वॉर्डनक्लिफ इथे 1901 मध्ये काम सुरू झालं, पैसे बँकर जे. पी. मॉर्गनचे, पण त्याने पुढे पैसे द्यायचं थांबवलं आणि 1917 ला तो मनोरा पाडला. जमिनीतून जगभर वीज पाठवायचं टेस्लाचं स्वप्न कधी चालून दाखवता आलं नाही, कोणी दडपलं म्हणून नाही, तर असं लांबवर पाठवताना ऊर्जा चहूकडे पसरते आणि हवी तिथे फार थोडी पोचते. सांगलीच्या वाचकांनी हा मनोरा कथेत आठवा म्हणून घ्यायला हरकत नाही.